तीन पावलं उजवीकडे

बेसबॉलमध्ये युटिलिटी इनफिल्डर नावाचा एक प्राणी असतो. त्याला स्वतःची अशी जागा नसते. फर्स्ट बेसवाल्याचं पोट बिघडलं, हा तिथे. सेकंड बेसवाल्याची बायको बाळंत झाली, हा तिथे. शॉर्टस्टॉपचा पाय मुरगळला, थर्ड बेसवाल्याचं मॅनेजरशी वाजलं, की आहेच हा. आपल्याकडे लग्नघरात एक मावसभाऊ असतो बघा, जो जनरेटर चालू करतो, गुरुजींना आणायला जातो, पंगतीत वाढतो आणि अल्बममध्ये मात्र एकाही फोटोत सापडत नाही. तोच हा.

सुबोध माईणकर गेली अकरा वर्षं पगार घेऊन हेच काम करत होता. मूळचा सांगलीचा, शाळेत खो-खो खेळायचा. पुण्याला कॉलेजात आला तेव्हा तिथल्या खेळाच्या सरांनी एकदा जिन्यात गाठून विचारलं, "बेसबॉलला एक गडी कमी पडतोय, येतोस का?" बेसबॉल म्हणजे काय हे त्याला ठाऊक नव्हतं, पण गडी कमी पडतोय म्हटल्यावर नाही कसं म्हणायचं? झालं. पुढचं सगळं आयुष्य त्या एका वाक्यावर गेलं. विद्यापीठाला गडी कमी होता, महाराष्ट्राला कमी होता, मग कोलंबोच्या एका क्लबला, मग बँकॉकच्या, मग मनिलाच्या. आणि गेली तीन वर्षं सिंगापूरच्या हेरॉन्सना. हेरॉन्स म्हणजे बगळे. त्याची बायको अनघा हे नाव ऐकून पहिल्या दिवशी इतकी हसली होती की पाव्हण्यांसमोर सुबोधला ओशाळायला झालं.

चार जागांसाठी चार ग्लव्ह्ज. चारही तो स्वतः तेल लावून मऊ ठेवायचा, आणि चारही घेऊन बाकावर बसायचा. पण बसायचा म्हणजे झोपा काढत नसे हां. शाळेतले खो-खोचे पाटील सर ओरडायचे, "बसलेला गडी म्हणजे झोपलेला गडी नव्हे!" ते त्याच्या हाडीमाशी खिळलं होतं. समोरचा कुठला बॅटर कुठल्या चेंडूला कुठे मारतो, थकला की काय करतो, चिडला की काय करतो, सगळं त्याच्या डोक्यात नोंदलेलं. नवा बॅटर आला की सुबोधचा हात आपोआप वर जायचा. तळवा ज्या बाजूला, त्या बाजूला सरक. बोटं जितकी, तितकी पावलं. मैदानातले चौघे इनफिल्डर बॅटर उभा राहिला की आधी बाकाकडे एक नजर टाकायचे, सुबोधचा हात बघायचे आणि सरकायचे. हे काम त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं, करारात त्याचं एक अक्षर नव्हतं. प्रेक्षकांतून बघणारी अनघा त्याला 'ट्रॅफिक हवालदार' म्हणायची, आणि आठ वर्षांची इरा घरी सोफ्यावर उभी राहून बाबाची नक्कल करायची.

आता मुख्य गोष्ट.

हंगाम सुरू व्हायला दहा दिवस राहिले होते. दोन महिन्यांपूर्वी संघाला नवे मॅनेजर आले होते, लिमसाहेब, आणि ते आल्यापासून सामना एकही झालेला नव्हता. मितभाषी माणूस, कायम छातीशी एक यादी धरलेली. गुरुवारी सराव संपल्यावर त्यांनी सुबोधला आणि अश्विनला बाजूला घेतलं आणि एका दमात सांगून टाकलं, की यंदा युटिलिटीची जागा एकच. रविवारी तैवानच्या पाहुण्या संघाशी सरावाचा सामना आहे. पहिले पाच डाव सुबोध, पुढचे चार अश्विन. मग ठरवतो.

सुबोध मनातल्या मनात हिशेब करू लागला. तो चौतीस वर्षांचा होता. करार नाही तर पास, म्हणजे इथे राहण्याचा परवानाही नाही, आणि पास रद्द झाला की तीस दिवसांत गाशा गुंडाळायचा. त्याचा एकट्याचाच नव्हे. अनघा आणि इरा त्याच्याच पासवर राहत होत्या. अनघा पुण्यातली बँकेतली नोकरी सोडून त्याच्या मागे देशोदेशी फिरली होती, आणि पासिर रिसच्या या नवव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये तिने पहिल्यांदा भिंतीला खिळे ठोकून फोटो लावले होते. एरवी ती फोटो खोक्यातच ठेवायची.

आणि अश्विन? तो बावीस वर्षांचा. आईबाप मुंबईचे, पण पोराचा जन्म इथलाच. नुकतीच इथली सक्तीची दोन वर्षांची लष्करातली सेवा संपवून आलेला, पायात स्प्रिंगा बसवल्यासारखा. पहिल्या दिवशी त्याने सुबोधला "अंकल" म्हणून हाक मारली होती. सिंगापुरात सगळेच अंकल, टॅक्सीवालाही आणि चहावालाही. सुबोधने सुनावलं, "अंकल कुणाला म्हणतोस रे? दादा म्हण." तेव्हापासून दादा. दोन महिने पोरगं दादाच्या मागे मागे होतं. ग्लव्हला तेल कसं लावायचं, चेंडू घेताना उजवा पाय कुठे ठेवायचा, दादाच्या हाताची खूण कशी वाचायची, सगळं विचारायचं, आणि सुबोध सांगायचाही. शिकवण्याची खोड होती त्याला. आता त्याच खोडीचा त्याला संताप येत होता. याला काय, याचं घर इथेच आहे, याला कोण हाकलतंय! असं मनात आलं की स्वतःचीच लाजही वाटायची, पण येत होतं खरं.

रविवारी दुपारी कलांगजवळच्या मैदानावर ऊन असं होतं की बाकाचं लाकूड चटके देत होतं. लिमसाहेबांनी डगआउटच्या, म्हणजे खेळाडू बसतात त्या आडोशाच्या, कोपऱ्यात ट्रायपॉडवर एक कॅमेरा लावून ठेवला होता. मैदान आणि बाक दोन्ही त्यात यायचं. नंतर ते घरी बसून सगळं बघत म्हणे.

सुबोध थर्ड बेसवर उभा राहिला. पहिले दोन चेंडू त्याने लोण्यातून सुरी फिरावी तसे उचलले. एक फटकाही बरा लागला. पण चौथ्या डावात एक हळू घरंगळता चेंडू आला, त्याने धावत जाऊन उघड्या हाताने उचलला, फेकला, आणि धावक अर्ध्या पावलाने वाचला. तीन वर्षांपूर्वी वाचला नसता. हे सुबोधला कळलं, बाकावरच्या सगळ्यांना कळलं, आणि लिमसाहेबांनी यादीत काहीतरी लिहिलं.

सहाव्या डावात तो बाकावर आला आणि अश्विन शॉर्टस्टॉपला गेला. शॉर्टस्टॉप म्हणजे सेकंड आणि थर्ड बेसच्या मधला पहारेकरी, इनफिल्डमधली सगळ्यात अवघड जागा. सुबोधने घाम पुसला, पाणी प्यायला, आणि समोर बॅटर येताच त्याचा हात सवयीने वर गेला. दोन पावलं डावीकडे. अश्विन सरकला. पुढच्याच चेंडूला फटका बसला तो सणसणत थेट त्याच्या पुढ्यात. त्याने सूर मारला, गुडघ्यावरूनच फेकला, बॅटर बाद. स्टँडमधली शंभर-दीडशे माणसं ओरडली. अश्विनने बाकाकडे बघून खुशीत अंगठा वर केला.

लिमसाहेबांनी यादीत पुन्हा लिहिलं. आणि यावेळी बराच वेळ लिहिलं.

सुबोधचा जीव टांगणीला लागला. सातव्या डावात हात वर जाण्याआधी क्षणभर अडला, पण गेला. आठव्यातही गेला. हात काय, मेला सवयीचा गुलाम.

नववा डाव शेवटचा. हेरॉन्स एका धावेने पुढे. पाहुण्यांचे दोन बाद झालेले, तिसरा झाला की सामना खिशात. पण सेकंड आणि थर्ड बेसवर त्यांचे दोन धावक टपून बसलेले, आणि बॅटिंगला येत होता सतरा नंबर. तेवढ्यात विजांचा इशारा देणारा भोंगा वाजला. पूर्वेकडे आभाळ काळं झालं होतं. सिंगापुरात तो भोंगा वाजला की मैदान रिकामं करायचं, मग कितीही मोठा सामना असो. सगळे धावत आडोशाला आले.

अश्विन येऊन सुबोधच्या शेजारीच बसला. धापा टाकत होता, पण डोळे चमकत होते.

"दादा, हा सतरा नंबर कसा आहे? मी कुठे उभा राहू?"

सुबोधला सतरा नंबर तोंडपाठ होता. गेल्या वर्षी दोनदा पाहिला होता. डावखुरा, दोन स्ट्राइक, म्हणजे दोन फुकट गेलेल्या संधी, पडेपर्यंत जोरात झोडतो (तिसरी पडली की बाद), आणि दोन पडल्या की बॅट मुद्दाम उशिरा आणून चेंडू शॉर्टस्टॉप आणि थर्ड बेसच्या मधल्या फटीतून काढतो. दर वेळी. हे या बाकावर फक्त सुबोधला माहीत होतं.

"आधी आहेस तिथेच थांब," तो म्हणाला. "दोन स्ट्राइक झाल्या की माझ्याकडे बघ. मी हात करतो."

"ओके दादा. मी बघेन."

आणि हे सुबोध खोटं बोलत नव्हता. त्या क्षणी तो हात करणारच होता. लिहून ठेवा.

वीज कडाडली, पाऊस काही पडला नाही. वीस-पंचवीस मिनिटं सगळे नुसते बसून होते. लिमसाहेब बाकाच्या कडेकडेने चालत आले, सुबोधजवळ थांबले. सिंगापूरच्या त्यांच्या तुटक इंग्रजीत हळूच म्हणाले, "तो सहाव्या डावातला झेप घेतलेला चेंडू पाहिलास? मुलगा आधीच तिथे उभा होता. कुठे उभं राहायचं ते त्याला कळतं. कुणी शिकवलेलं नाही, बघ. हे उपजतच असावं लागतं."

सुबोधने तोंड उघडलं. काय सांगणार? मी सरकवलं त्याला, असं? चौतिसाव्या वर्षी, जागा जाताना, असं सांगणारा माणूस किती केविलवाणा दिसतो ते त्याने दुसऱ्या संघांत पाहिलं होतं. त्याने तोंड मिटलं. लिमसाहेब पुढे गेले.

पण आत काहीतरी पेटलं. उपजतच! अकरा वर्षं हाच हात वर केला, चार देशांत केला. कोलंबोच्या पोराची झाली वाहवा, बँकॉकच्या पोराला मिळाला मोठा करार, आणि सुबोध माईणकर कुठल्याच फोटोत नाही. त्याच्या डोक्यात तिडीक गेली. कुणी शिकवलेलं नाही म्हणे! बरं. मग नाही शिकवत.

भोंगा पुन्हा वाजला, धोका टळला, पुन्हा कडक ऊन पडलं. खेळाडू मैदानात गेले. सतरा नंबरने बॅट फिरवून खांदे मोकळे केले.

पहिला चेंडू, जोरदार झोड, हुकली. स्ट्राइक एक.

दुसरा चेंडू बाहेर गेला. तिसऱ्यावर पुन्हा झोड, चेंडू जाळीमागे उडाला. स्ट्राइक दोन.

अश्विनने बाकाकडे पाहिलं.

सुबोधचा उजवा हात गुडघ्यावरून उचलला गेला. तो त्याने खाली दाबला. मग दोन्ही हात उचलले आणि मांड्यांखाली घातले, तळवे लाकडाला टेकवून, वर स्वतःचं सगळं वजन देऊन. लाकूड अजून तापलेलं होतं. स्टँडमध्ये तिसऱ्या रांगेत अनघा आणि इरा बसल्या होत्या, त्यांच्याकडे त्याने बघितलं नाही.

चेंडू टाकणाऱ्या पिचरने बूट घासला. अश्विनने पुन्हा पाहिलं. सुबोध समोर, थेट समोर, कुठेच नसलेल्या गोष्टीकडे बघत होता. तीन पावलं उजवीकडे. एवढंच. तीन बोटं. अजून वेळ आहे. अजून आहे.

अश्विनने तिसऱ्यांदा पाहिलं, आणि मग वळून गुडघे वाकवले.

चेंडू आला, बॅट उशिरा आली, आणि फटका त्या फटीत गेला. अश्विनने उजवीकडे अख्खं अंग झोकून दिलं. ग्लव्ह आणि चेंडू यांच्यात राहिलं ते अंतर साधारण तीन पावलांचंच होतं. चेंडू मागच्या गवतात पळाला, दोन्ही धावक होम बेसला पोचले, दोन धावा झाल्या. त्याच डावातल्या आपल्या पाळीत हेरॉन्सना काही जमलं नाही. सामना गेला.

सामना गेल्याचं दुःख सुबोधला नव्हतं. त्याला काय वाटत होतं ते त्याचं त्यालाच धड कळत नव्हतं. ग्लव्ह्ज पिशवीत भरताना त्याला दिसलं, अश्विन डगआउटच्या दुसऱ्या टोकाला लिमसाहेबांशी बोलतोय. पोराचं तोंड धुळीने भरलेलं आणि डोळ्यांतून पाणी. बोलताना हात करून काहीतरी दाखवत होता. तळवा या बाजूला, बोटं वर.

मग लिमसाहेब सुबोधकडे आले.

"अश्विनने सगळं सांगितलं," ते म्हणाले. "सहाव्या डावात तू सरकवलंस त्याला. सातव्यात, आठव्यात पण. शेवटच्या बॅटरला तू खूण केली होतीस, तो म्हणतो, त्यानेच नीट पाहिलं नाही. मला हे कुणीच सांगितलं नव्हतं." त्यांनी यादीची घडी केली. "युटिलिटीच्या माणसाला नजर पाहिजे. पाय काय, म्हातारे होतात. उद्या सकाळी दहाला पाया लेबारच्या ऑफिसात ये. सही करू."

आणि सुबोध काय म्हणाला? "थँक यू" म्हणाला. दुसरं काही म्हणालाच नाही.

बाहेर पडताना अश्विनने त्याला गाठलं. "दादा, सॉरी हं. तुम्ही हात केला असणार. मी बघितलं, पण उन्हात, आय डोन्ट नो, मला दिसलाच नाही. मी मूर्ख आहे. काँग्रॅट्स, दादा." आणि तो खाली वाकला. पाया पडत होता! सिंगापुरात वाढलेलं पोरगं, भर रस्त्यात, आईने लहानपणी शिकवलेलं आठवून. सुबोधने त्याला घाईघाईने खांद्याला धरून उठवलं आणि "असू दे, असू दे" एवढंच पुटपुटला.

कलांगहून पासिर रिसची एमआरटी, म्हणजे इथली मेट्रो, पकडली. रविवार संध्याकाळ, डबा निम्मा रिकामा. अनघाला त्याने बातमी सांगितली. ती "बरं झालं" म्हणाली आणि खिडकीबाहेर बघू लागली. ज्या बाईने तीन दिवस धड जेवण केलं नव्हतं तिने नुसतं "बरं झालं" म्हणावं?

इरा दांड्याला धरून गिरक्या घेत होती. मध्येच थांबली आणि शाळेत उचललेल्या, वाक्याला 'लाह' जोडणाऱ्या सिंगापुरी इंग्रजीत बोलू लागली.

"बाबा, लास्ट वन, व्हाय यू नेव्हर डू द हवालदार?"

"काय?"

"यू सिट ऑन युअर हँड्स. आय सॉ, लाह. अश्विन दादा कीप लुकिंग अँड लुकिंग."

"तुला नीट दिसलं नसेल," अनघा पटकन म्हणाली. "केवढं ऊन होतं. गप्प बस आता."

"मम्मा, आय सॉ..."

"इरा! गप्प बस म्हटलं ना."

पोर हिरमुसली. सुबोधने अनघाकडे पाहिलं. तिने त्याच्याकडे पाहिलं नाही. म्हणजे हिनेही बघितलं होतं. आणि बघूनही ती पांघरूण घालत होती, तेही स्वतःच्या पोरीला खोटं पाडून. बारा वर्षांच्या संसारात अनघा त्याच्यासाठी कधी खोटं बोलली नव्हती. तशी वेळच त्याने आणली नव्हती. गाडी पाया लेबारला थांबली, दारं उघडली, माणसं चढली-उतरली, दारं मिटली.

घरी आल्यावर इरा अंघोळीला गेली. अनघाने चहा टाकला. सुबोध स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला.

"अनघा, मी..."

"मी काही विचारलंय का तुला?"

"नाही."

"मग सांगू नकोस." तिने आलं किसायला घेतलं. "मलाही इथे राहायचंय, सुबोध. मला परत खोकी भरायची नाहीयेत. इराला परत नवी शाळा, परत रडारड. मला नकोय."

"मग मी काय करू?"

"मला काय माहीत!" ती एकदम ओरडली. "तू माझ्याशी बोलतोयस तो तूच आहेस का, एवढंच मला कळत नाहीये. माझा नवरा बाकावर बसून लोकांना जागा दाखवतो. मी मैत्रिणींना हेच सांगते. मी आज तिथे बसून देवाची शपथ म्हणत होते, हात कर रे, हात कर. आणि त्याच वेळी म्हणत होते, नको करूस." तिने डोळे पुसले, आल्याचाच हात, आणखी चुरचुरले. "घे चहा."

चहा त्याने तसाच ठेवला. गॅलरीत जाऊन अश्विनला फोन लावला.

"अश्विन, ऐक. मी शेवटी हात केलाच नव्हता."

पलीकडे अश्विन हसला, अगदी मायेने. "दादा, मला बरं वाटावं म्हणून म्हणताय ना? आई पण आत्ता तेच म्हणत होती, तुझे दादा फार चांगले आहेत. इट्स ओके, लाह. मी नाही बघितलं."

सुबोधला भडभडून आलं. घ्या! खरं सांगावं तर तेही याच्या हिशेबी चांगुलपणाच.

"अरे, कोपऱ्यात कॅमेरा होता ना," तो म्हणाला. "बाक दिसतं त्यात. लिमसाहेबांकडून घे आणि नववा डाव बघ. माझे दोन्ही हात मांडीखाली आहेत. मुद्दाम घातलेत. मला जागा पाहिजे होती, अश्विन. तुझी. बघ ते."

पलीकडून फोन बंद झाला.

सकाळी दहाला तो पाया लेबारला पोचला तेव्हा अश्विन आधीच तिथे होता. लिमसाहेबांच्या टेबलावर लॅपटॉप उघडा होता आणि पडद्यावर सुबोध स्वतःच्या हातांवर बसलेला होता. थिजलेल्या चित्रात तो किती आखडून बसलेला दिसत होता! जसा काही कुणी त्याला बांधून ठेवलाय.

"खरं?" लिमसाहेबांनी विचारलं.

"खरं."

"सहाव्या डावातलंही खरं?"

"तेही खरं."

लिमसाहेबांनी सुस्कारा सोडला. "अरेरे, माईणकर. फटका कुठे जाणार हे माहीत असलेला माणूस मला पाहिजेच आहे. पण पोरगा तुझ्याकडे बघतोय, तुला उत्तर माहीत आहे, आणि तू हातांवर बसतोस. असा माणूस मी माझ्या बाकावर कसा ठेवू?" त्यांनी कराराचा कागद उचलून टेबलाच्या दुसऱ्या बाजूला सरकवला, अश्विनपुढे.

अश्विनने सही केली. त्याला आनंद झाला नव्हता, हे स्पष्ट दिसत होतं. लिफ्टपाशी दोघे शेजारी उभे राहिले. सुबोध म्हणाला, "माफ कर रे." लिफ्ट आली. आत पाऊल टाकताना अश्विन त्याच्याकडे न बघता म्हणाला, "मी तीनदा बघितलं, दादा." आणि दार मिटलं. सुबोध त्या लिफ्टमध्ये गेलाच नाही, तो जिन्याने उतरला.

तीस दिवस सुरू झाले. अनघाने भिंतीवरचे फोटो काढले, रडली, भांडली, आणि मग तिसऱ्या दिवशी खोक्यांवर नावं लिहायला बसली तेव्हा म्हणाली, "मैत्रिणींना काय सांगायचं ते मला आता कळतंय निदान." यात राग किती आणि दुसरं काय किती, हे विचारायची सुबोधला हिंमत झाली नाही.

पुढच्या रविवारी हंगामाचा पहिला सामना होता. सुबोध जाणार नव्हता. इराने हट्ट धरला, तिला अश्विन दादाला बघायचं होतं. मग गेले तिघे, तिकीट काढून. सुबोधच्या हातात अकरा वर्षांत पहिल्यांदा ग्लव्ह नव्हता, हात कुठे ठेवावेत ते कळेना.

अश्विन शॉर्टस्टॉपला उभा होता, आणि हेरॉन्सच्या बाकावर सुबोधची जागा रिकामी होती. कुणीही खुणा करत नव्हतं. तिसऱ्या डावात मनिलाचा एक जुना बॅटर आला, बुटका, आखूड बॅटचा. सुबोधला तो मनिलापासून माहीत होता. घाईत असला की हा चेंडू सेकंड बेसच्या अंगाला मारतो, आणि आज तो घाईत होता. स्टँडमधल्या चौथ्या रांगेत सुबोधचा हात वर गेला. डावीकडे, तीन बोटं. आवरायच्या आत गेला. पन्नास यार्डांवरून हे कोण बघणार होतं, आणि का बघावं?

अश्विनने स्टँडकडे पाहिलं नाही, बाकावरच्या त्या रिकाम्या जागेकडेही पाहिलं नाही. तो बॅटरच्या पायांकडे बघत होता.

"बाबा, हात खाली घे," इरा म्हणाली, चक्क मराठीत. "तो ऑलरेडी तिथे आहे."

सुबोधने नीट पाहिलं. अश्विन शॉर्टस्टॉपच्या नेहमीच्या जागेवरून तीन पावलं डावीकडे उभा होता. फटका आला तो त्याच्याच ग्लव्हमध्ये आला. स्टँडमध्ये लोक ओरडायला लागले, अनघाही ओरडली. सुबोधचा हात अजून वरच होता. तो त्याने खाली घेतला, आणि मग दोन्ही हातांनी टाळ्या वाजवायला सुरुवात केली.